रक्ताची कुंडली

गेल्या उन्हाळ्यात आर्णीच्या एका बौद्ध वस्तीत एक सोयरीक मोडली. त्या बैठकीत मी होतो. मुलगी माझी विद्यार्थिनी, बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाची. मुलगा यवतमाळच्या बाजूचा, खाजगी नोकरीतला. पसंती आधीच झाली होती. विहारात मंगलपरिणय कोणत्या रविवारी ठेवायचा एवढेच बोलायचे उरले होते. चहाच्या कपबश्या आत गेल्या आणि मुलाच्या मावशीने विचारले, "पोरीचा सिकलचा कागद हाये का जी?" मुलीच्या आईने पेटीतून एक चिठ्ठी काढून दिली. कोणत्या तरी शिबिरात रक्त घेतले होते, तेव्हाची. तिच्यावर पेनाने लिहिले होते : सोल्युबिलिटी पॉझिटिव्ह. चिठ्ठी हातोहात फिरली. मुलाच्या काकांनी ती उलटी करून पाहिली. मागची बाजू कोरी होती. त्यानंतर रविवारचा विषय कोणी काढला नाही. दोन दिवसांनी निरोप आला, पोरगी चांगली आहे, पण रगतात दोष निघाला.

'दोष' हा शब्द मी घरी येईपर्यंत मनात घोळवीत होतो. पत्रिकेत दोष, मंगळाचा दोष, नाडीचा दोष. १९५६ साली नागपूरला दीक्षा घेऊन आल्यावर आमच्या आजोबांच्या पिढीने घरातली पंचांगे चुलीत घातली. लग्नातला भट गेला, मुहूर्त गेला, गुण जुळवणे गेले. आणि सत्तर वर्षांच्या आत त्याच घरात, त्याच भिंतीवरच्या बुद्धाच्या आणि बाबासाहेबांच्या तसबिरीखाली, एक नवी कुंडली पेटीतून बाहेर निघाली. ती विज्ञानाने दिलेली होती म्हणून तिला कोणी प्रश्न विचारला नाही. मीही विचारला नाही. या लेखाला त्या गप्प बसण्याचे कारण आहे.

कारण त्या बैठकीत विचारण्यासारखा एक साधा प्रश्न होता : मुलाचे रक्त तपासले आहे काय? ते तपासलेले नव्हते.

सिकलसेलचा हिशेब आमच्या विदर्भात आता बऱ्याच जणांना पाठ आहे, तरी पुन्हा मांडतो. रक्तातल्या हिमोग्लोबिनचे जनुक आईकडून एक आणि बापाकडून एक असे येते. दोन्ही चांगली असली तर 'ए-ए', एक सदोष असले तर 'ए-एस' म्हणजे वाहक, दोन्ही सदोष असली तर 'एस-एस' म्हणजे रुग्ण. वाहक सहसा आजारी नसतो, शेतात राबतो, म्हातारा होतो. वाहक आणि 'ए-ए' यांच्या पोटी 'एस-एस' मूल जन्मत नाही. दोघेही वाहक असले तरच प्रत्येक खेपेला चारात एक एवढी शक्यता असते. (हे 'प्रत्येक खेपेला' लोकांना सांगायचे राहून जाते. चार मुलांत एक आजारी, मग उरलेली तीन सुटली, असे समजून बसलेले आईबाप मी पाहिले आहेत.) थोडक्यात, एकट्या मुलीच्या कागदावरून कोणत्याही लग्नाविषयी काहीही ठरत नाही. तो अर्धा कागद आहे. तरी त्यावर पुरा निकाल लागला, आणि तो बाईच्या विरुद्ध लागला.

दुसरे असे की तो कागदही पुरा नव्हता. सोल्युबिलिटी, म्हणजे द्राव्यतेची चाचणी, फार साधी असते. नळीतल्या रसायनात रक्ताचा थेंब टाकायचा आणि नळीमागे रेघा काढलेला कागद धरायचा. रेघा दिसल्या तर बरे, द्रावण गढूळ होऊन रेघा बुजल्या तर पॉझिटिव्ह. स्वस्त, झटपट, गावात करता येणारी. म्हणून ती चांगली आहे, हे मी आधीच सांगून ठेवतो. पण ती फक्त चाळणी आहे. वाहक आणि रुग्ण यांतला भेद तिला कळत नाही. त्यासाठी इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी ही दुसरी तपासणी करावी लागते. तान्ह्या बाळात पहिले काही महिने जन्माआधीचे हिमोग्लोबिन भरपूर असते, त्यामुळे तिथे ही चाचणी फसते. थॅलेसेमियाचा वाहक तिला सापडत नाही, आणि एकाकडे सिकल व दुसऱ्याकडे थॅलेसेमिया असला तरी मूल आजारी होऊ शकते. आणि रक्त फारच कमी असेल तर गढूळपणा उमटत नाही, चाचणी खोटेच 'नाही' म्हणते. यातली शेवटची गोष्ट आपण लक्षात घेतली पाहिजे. ज्या मजूर बाईच्या अंगात रक्तच नाही तिच्याबाबत हे साधन चुकण्याचा संभव अधिक. साधन खोटे नाही, पण ते पोटभर जेवणाऱ्या शरीराला गृहीत धरून चालते.

आमच्या भागातली गोष्ट अशी की पहिली चाळणी गावात येते आणि दुसरीसाठी नमुना पुढे जातो. तो परत कधी येतो, येतो की नाही, आला तर कोणाच्या हाती पडतो, हे सगळे आशाताईच्या चपलांवर आणि लॅबमधल्या माणसाच्या सवडीवर अवलंबून. माझ्या विद्यार्थिनीचा दुसरा अहवाल तिच्या घरी पोहोचलाच नव्हता. कोणाचे चुकले त्याचा शोध मी घेत नाही. लोकांनी पहिल्या चिठ्ठीलाच निकाल मानले, कारण दुसरे काही असते हे त्यांना कोणी सांगितलेच नाही.

काही कार्यकर्ते मित्र म्हणतील, गुरुजी, तुम्ही तपासणीच्या विरोधात बोलता आहात. तसे नाही. १९५८ साली नागपूरच्या शुक्ला आणि सोळंकी या डॉक्टरांनी मध्य भारतातल्या सिकलसेलविषयी लिहिले आणि महार समाजात हे लक्षण मोठ्या प्रमाणात आढळते हे जगापुढे आले. त्याआधी किती पिढ्यांची लेकरे 'हाडाचा ताप', 'काविळ', 'बाहेरचे काही' म्हणून गेली असतील त्याची कोठे नोंद नाही. माझ्या चुलतभावाचा मुलगा असाच गेला, पण ती फार जुनी गोष्ट. तपासणी हवीच. पण तपासणी कोणता प्रश्न विचारण्यासाठी करायची हे कोण ठरवते, याचा विचार आपण केलेला नाही.

या ठिकाणी अमेरिकेकडे वळतो, कारण आपल्या चळवळीचे नावच तिकडून आले आहे. १९७१ साली ब्लॅक पँथर पक्षाने काळ्या वस्त्यांत सिकलसेलची फुकट तपासणी सुरू केली. त्यांच्या हाती असलेली चाचणीही हीच, द्राव्यतेची. सरकार या आजाराकडे काळ्यांचा आजार म्हणून दुर्लक्ष करते, हा त्यांचा आरोप होता, आणि तो करताना त्यांच्या हातात सुई आणि नळी होती. पुढच्याच वर्षी, १९७२ च्या मे महिन्यात, निक्सनला सिकलसेलवरच्या कायद्यावर सही करावी लागली. त्याच १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर स्थापन झाली. आपण त्यांचे नाव घेतले, त्वेष घेतला, कवितेची भाषा काही अंशी घेतली. रक्ताची नळी मात्र घेतली नाही, आणि विदर्भातल्या महार वस्तीत तोच आजार तेव्हाही होता! पँथरच्या इतिहासावर आपल्याकडे पुष्कळ लिहिले-बोलले जाते. त्यात या न घेतलेल्या वारशाची चर्चा माझ्या वाचनात आली नाही.

पण त्याच अमेरिकेत पुढे जे घडले तेही पाहिले पाहिजे. अनेक राज्यांनी घाईघाईने कायदे करून काळ्या मुलांची आणि लग्नाळू जोडप्यांची तपासणी सक्तीची केली. समुपदेशन अपुरे, वाहक आणि रुग्ण यांतला फरक कायदे करणाऱ्यांनाच नीट कळलेला नाही. परिणामी धडधाकट वाहकांना नोकऱ्या आणि विमे नाकारले गेले. हवाई दलाच्या अकादमीचे दार वाहकांना १९८१ पर्यंत बंद होते. आणि लायनस पॉलिंग, ज्याने १९४९ साली हा रेणूचा आजार असल्याचे सिद्ध केले, नोबेल मिळवलेला, शांततावादी, अण्वस्त्रांविरुद्ध लढलेला माणूस, त्याने १९६८ साली गंभीरपणे सुचवले होते की वाहक तरुणांच्या कपाळावर खूण गोंदावी, म्हणजे दोन वाहक एकमेकांच्या प्रेमात पडणार नाहीत. त्याचा हेतू वाईट नव्हता. लेकरांचे हाल टळावेत असेच त्याला वाटत होते. ज्या समाजाच्या आठवणीत गळ्यातले मडके आणि कमरेचा झाडू आहे त्याने मात्र हे वाक्य विसरू नये. कपाळावर गोंदणे आणि लग्नाच्या बैठकीत पेटीतून कागद काढायला लावणे, यांत अंतर आहे, पण ते आपण समजतो तेवढे नाही.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. जागतिक आरोग्य संघटनेसाठी विल्सन आणि युंगनर यांनी १९६८ साली चाळणी-तपासणीची दहा तत्त्वे लिहिली. त्यांचा गाभा कोणत्याही शेतमजुराला पटेल असा आहे : ज्याला शोधून काढता त्याच्यासाठी उपचार असला पाहिजे, तो त्याला मिळाला पाहिजे, आणि तपासणीचे काम एकदाच करून सोडून देण्याचे नव्हे. या कसोटीवर सिकलसेलच्या तपासणीचा सर्वांत भक्कम पुरावा कोणत्या वयाचा आहे? लग्नाच्या वयाचा नाही, तो पाळण्यातल्या वयाचा आहे. १९८६ साली अमेरिकेतल्या एका चाचणीचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. तीन वर्षांखालच्या 'एस-एस' बालकांना रोज पेनिसिलिन दिले तेव्हा जीवघेणा जंतुसंसर्ग सुमारे ८४ टक्क्यांनी घटला. पेनिसिलिन! यापेक्षा स्वस्त औषध कोणते? त्यानंतर तिकडे जन्मतःच तपासणी करण्याचा आग्रह धरला गेला. १९९५ मध्ये हायड्रॉक्सियुरियाने दुखण्याचे झटके जवळपास निम्म्यावर येतात हे सिद्ध झाले. आपल्याकडे नागपूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात डॉ. दीप्ती जैन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आईची द्राव्यता-चाचणी करून, ती पॉझिटिव्ह आली तर बाळाची एचपीएलसी, अशा पद्धतीने नवजात बालके शोधली आणि वाढवली. त्यांचा शोधनिबंध २०१६ चा आहे. म्हणजे हे आपल्या मातीत होऊ शकते हे दाखवून झाले आहे. भारतातला सिकलसेल सौम्य असतो, हा जुना समज मध्य भारताला लागू पडत नाही, हेही त्यातून पुढे आले.

आणि आपल्या मोहिमेचा सूर काय आहे? १ जुलै २०२३ रोजी शहडोलला राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन मोहीम सुरू झाली. चाळीस वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी, २०४७ पर्यंत निर्मूलन. मोहिमेत औषधे आहेत, समुपदेशन आहे, बालकेही आहेत, हे मी नाकारत नाही. पण गावात तिच्यापैकी काय पोहोचते ते पाहा. गावात पोहोचते ते कार्ड. 'कुंडली जुळवा न जुळवा, कार्ड जुळवा' हा उपदेश घरोघर पोहोचला, आणि पेनिसिलिनची बाटली तितक्या वेगाने पोहोचली नाही. 'हे लेकरू कसे जगेल' हा प्रश्न मागे राहिला आणि 'हे लेकरू जन्मूच नये' हा पुढे झाला. शब्दही बघा, निर्मूलन. आजाराचे की आजाऱ्याचे, हे ऐकणाऱ्याला चटकन कळत नाही. 'एस-एस' असलेला माझा एक विद्यार्थी शिबिरातला फलक वाचून म्हणाला होता, "सर, म्हन्जे मी नोय जन्माले पायजे होतो." मला उत्तर सुचले नाही. मी त्याला कँटीनमध्ये नेले.

मोहिमेची आखणी आदिवासी भाग समोर ठेवून झाली आहे. ते योग्यच. परंतु आमच्या तालुक्यात कोलामांचे पोड, बंजाऱ्यांचा तांडा, गोंडांची घरे आणि बौद्धांची वस्ती एकाच शिवाराला लागून असतात. जनुकाला जात कळत नाही. त्याचा संबंध मलेरियाशी आहे. वाहकाला मलेरियापासून काही संरक्षण मिळते, हे ॲलिसनने १९५४ मध्ये आफ्रिकेत दाखवले. ज्यांना रानात आणि गावकुसाबाहेर ढकलले त्यांच्यात ते टिकले, वाढले. म्हणून 'महारांचे रक्त', 'आदिवासींचे रक्त' ही भाषा आपण तोंडी येऊ देता कामा नये. रक्ताच्या शुद्धीवर जात उभी आहे हा दावा बाबासाहेबांनी १९३६ च्या त्या न झालेल्या भाषणात मोडून काढला होता. आता तो प्रयोगशाळेच्या मागच्या दाराने आत येऊ पाहतो.

आणि इथेच माझा सर्वांत मोठा आक्षेप आहे. समुपदेशनाच्या फलकावर जे असते ते असे : वाहकाने वाहकाशी लग्न करू नये. ठीक. मग कोणाशी करावे? फलक गप्प बसतो. त्याने गृहीत धरलेले असते की लग्न जातीतच होणार, पोटजातीतच होणार, ओळखीच्या पन्नास घरांत होणार, आणि त्या पन्नास घरांतून 'ए-ए' तेवढा वेचून घ्यायचा. दर पाचांत एक वाहक असलेल्या समूहात ही वेचणी म्हणजे पाचांत एकीला बाजूला बसवणे होय. बाबासाहेबांनी १९१६ साली कोलंबियात वाचलेल्या निबंधात जातीचे मूळ सजातीय विवाहात दाखवले आणि १९३६ मध्ये खरा उपाय म्हणून रक्ताची सरमिसळ, आंतरजातीय विवाह, सांगितला. वाहक-वाहक गाठ पडण्याचा संभव दाट होतो तो याच कुंपणामुळे, हे वैद्यकाचे पुस्तकही सांगते. तरीही एकही सरकारी फलक तरुणांना सांगत नाही की कुंपण ओलांडा. (ओलांडले म्हणून तपासणी टळत नाही. विदर्भात तेली, कुणबी समाजांतही वाहक आहेत, थॅलेसेमियाही आहे. दोघांचेही रक्त पाहावेच लागेल.) सरकारचे सोडा. आपल्या वधू-वर मेळाव्यांत आपणच काय सांगतो? बौद्ध वधू, बौद्ध वर, शक्यतो अमुक जिल्हा. बावीस प्रतिज्ञा पाठ म्हणणारी माणसे सोयरीक करताना जुन्या पोटजाती हळूच विचारतात, हे काय मला ठाऊक नाही?

आणखी एका साधनाविषयी थोडके. दुखणे मोजण्याची पट्टी असते, शून्य ते दहा. आजाऱ्याने आकडा सांगायचा. साधन पारखलेले आहे, जगभर वापरतात. आता आमच्या भागातली एस-एस असलेली बाई झटका आल्यावर काय सांगते? हाडं चावतात. सांधे फुटून राह्यले. आंग मोडून येते. ती कळ सांगते, ठणक सांगते, तिला आकडा सांगता येत नाही. भीतभीत 'पाच' म्हणते, कारण दहा म्हटले तर सिस्टर रागावेल. एका दवाखान्यात माझ्या पुतणीला "नाटकं करते" असे तोंडावर ऐकावे लागले, कारण ती रडत नव्हती. लहानपणापासून दुखणे गिळायला शिकलेली मुलगी रडत नाही. हे इथलेच आहे असेही नाही. २०१६ साली व्हर्जिनियात केलेल्या एका अभ्यासात गोऱ्या वैद्यकीय विद्यार्थ्यांपैकी आणि शिकाऊ डॉक्टरांपैकी सुमारे निम्म्यांना काळ्यांच्या शरीराविषयी एखादी तरी खोटी समजूत खरी वाटत होती, जसे की त्यांची कातडी जाड असते. अशा माणसाच्या हाती पट्टी दिली तर आकडा कोण लिहिणार?

अपंगत्वाच्या टक्क्याचेही तसेच. २०१६ च्या कायद्याने सिकलसेलला एकवीस अपंगत्वांत स्थान दिले. ते झगडून मिळाले आहे. पण चाळीस टक्क्यांची रेघ आहे, आणि झटक्याचा आजार तपासणीच्या दिवशी हजर असेलच असे नाही. त्यातून रेघ ओलांडली तरी नोकरीतल्या चार टक्के राखीव जागांत रक्ताचे आजार धरलेले नाहीत. कायद्याचे कलम ३४ काढून पाहावे.

आता आपल्या साहित्याकडे. दलित कवितेत रक्त पुष्कळ आहे. उकळणारे, सांडलेले, सूड मागणारे. ते विद्रोहाचे प्रतीक म्हणून आले आणि त्याने आपले काम केले. पण जे रक्त कोयत्याच्या आकाराचे होऊन बारीक नसांत अडकते, ज्यामुळे रात्री लेकराच्या नडग्या दाबत आई बसते, ते आपल्या लेखनात किती आले? आत्मकथनांनी भूक लिहिली, मेलेल्या ढोराचे मांस लिहिले, शाळेतला अपमान लिहिला. घरातल्या दुखण्याचे नावच माहीत नव्हते म्हणून ते 'अशक्तपणा' होऊन राहिले असावे. बाबूराव बागुलांच्या १९६३ च्या 'जेव्हा मी जात चोरली होती' या कथेतल्या नायकाला परक्या गावात खोली मिळावी म्हणून जात लपवावी लागते. आज आर्णीत मुली कार्ड लपवतात. जात चोरणाऱ्यावर कथा झाली, ती आपण अभ्यासक्रमात शिकवतो. कार्ड चोरणारीवर कथा लिहायची तर लेखकाला सोल्युबिलिटी आणि एचपीएलसी यांतला फरक कळावा लागेल, आणि ज्यांच्यापासून ती लपवते ती माणसे सवर्ण नाहीत, आपलीच आहेत, हे लिहावे लागेल. यांतले दुसरे काम अधिक अवघड आहे.

माझ्या विद्यार्थिनीचा दुसरा अहवाल शेवटी यवतमाळला खेटे घालून मिळवला. 'ए-एस'. ती आता तिसऱ्या वर्षाला आहे. आईला तिने सांगून टाकले की चिठ्ठी पेटीत ठेवायची नाही, आणि कोणी मागितली तर त्याची आधी मागायची.

पावसाळ्यात तो मुलगा एकटाच मला भेटायला आला. महाविद्यालयाच्या व्हरांड्यात बराच वेळ उभा राहिला. मग म्हणाला, "सर, ती दुसरी टेस्ट कुठं होते जी?" मी पत्ता सांगितला, कोणत्या दिवशी नमुने घेतात तेही सांगितले. महिन्याभराने तो पुन्हा एसटी स्टँडवर दिसला. तपासून आलो, एवढे म्हणाला. काय निघाले ते त्याने सांगितले नाही. मीही विचारले नाही.